मावशीचा शेवटचा भाग

अक्कांना शनिवार-रविवार घराबाहेर काढायचं हे गुरुवारी ठरलं, आणि ठरवणाऱ्यांत त्यांची भावजयच पुढं होती. तीस वर्षांच्या संसारात नणंदेविरुद्ध तिनं केलेला हा पहिला कट, आणि तोसुद्धा नणंदेच्या भल्यासाठी.

दर रविवारी अकरा वाजता जेवणाच्या टेबलाशी टीव्ही मालिकेच्या पुढच्या भागाचं वाचन व्हायचं. अकरा वर्षांत हा नेम एकदाही चुकला नव्हता. मालिका लिहिणारे आणि काढणारे भावजयीचे यजमान सगळ्या पात्रांचे आवाज काढून वाचायचे. थोरली मुलगी आता निम्मे भाग स्वतः लिहीत होती. ती मध्येच थांबवून वाक्यं कापायची. धाकटा मुलगा शूटिंगची व्यवस्था बघायचा. किती खोल्या लागणार आणि किती माणसं, एवढंच त्याच्या कानात शिरायचं. आणि भावजयीकडं पेन्सिल असायची. कुणी हसलं की समासात एक रेघ. पानावर पाचापेक्षा कमी रेघा पडल्या तर पान पुन्हा लिहायचं, हा घरचा कायदा. अक्का वाचनाला टेबलाशी कधी बसत नसत. त्या आपल्या खोलीत असत, दार अर्धं उघडं ठेवून.

या रविवारच्या भागात मावशी मरणार होती.

मालिकेतली मावशी म्हणजे अक्का, हे जगजाहीर होतं. ‘मी काही बोलत नाही’ म्हणायचं आणि मग अर्धा तास बोलत सुटायचं, ही मावशीची खोड. लोक ते वाक्य दुकानात म्हणायचे, कचेरीत म्हणायचे, नवरा-बायकोच्या भांडणात म्हणायचे. ती भूमिका करणाऱ्या बाई आता सत्तरीला आल्या होत्या, गुडघे गेले होते, आणि त्यांनी हात जोडून सांगितलं होतं की आता पुरे. त्यावर वाहिनीच्या ऑफिसातून फर्मान आलं: जायचंच असेल तर मावशीला मारा, त्या आठवड्यात टीआरपी चढेल.

“सेटवर सगळे मला वहिनी वहिनी करतात,” ती धाकट्याला म्हणाली होती, “पण आपल्याकडं चालतं ते वाहिनीचं.”

अक्कांची एक मैत्रीण दोन तासांवरच्या गावात राहायची. दोघींनी पंचवीस वर्षं टेलिफोन एक्स्चेंजमध्ये शेजारी बसून लोकांचे फोन जोडून दिले होते. भावजयीनं तिला फोन करून अक्का येताहेत एवढंच कळवलं, अक्कांना सांगितलं की ती आजारी आहे, जरा भेटून या, आणि शनिवारी सकाळी गाडी दाराशी उभी केली.

“काय होतंय तिला?” अक्कांनी विचारलं.

“अंगात कणकण आहे म्हणे.”

“कणकण आहे? मग परवा फोनवर एवढी खिदळत का होती?”

“ताप डोक्यात गेला असेल.”

अक्कांनी तिच्याकडं जरा वेळ पाहिलं. मग “बरं” म्हणाल्या, पिशवी उचलली आणि गाडीत जाऊन बसल्या. गाडी वळणाआड गेली तरी भावजय फाटकाशी उभीच होती. खरं तर हायसं वाटायला हवं होतं. पण चोरी करताना कुणी पाहावं आणि न पाहिल्यासारखं करावं, तसं तिला ओशाळल्यासारखं झालं.

*

रविवारी अक्कांचा भाऊ सकाळपासून एका जागी ठरत नव्हता. खुर्ची खिडकीशी नेली, परत आणली. दोनदा हात धुतले. चहा मागितला, आला तेव्हा थंड होऊ दिला आणि मग थंड आहे म्हणून कुरकुर केली. साडेपाचशेच्या वर भाग लिहून झाले होते. वाचनाआधीची ही येरझार कधीच बंद झाली होती. आज ती पुन्हा सुरू झाली होती.

थोरलीनं लिहिलेला भाग छापून टेबलावर होता. तो चांगला होता, हीच पंचाईत होती. त्यानं तो तीनदा वाचला होता आणि तीनही वेळा मावशी मरायच्या आधीचं पान उलटून पाणी प्यायला उठला होता. काल दुपारी त्यानं त्याच मुखपृष्ठाखाली स्वतः लिहिलेली वेगळी पानं घातली होती.

“करू या सुरुवात?” थोरली म्हणाली.

त्यानं वाचायला घेतलं. पहिली आठ पानं तिचीच होती. बायकोच्या रेघा पडत होत्या. नवव्या पानावर डॉक्टर आला, हातात रिपोर्ट घेऊन, आणि म्हणाला की चूक झाली, हा रिपोर्ट तळमजल्यावरच्या आजोबांचा आहे.

थोरलीची मान वर झाली. “हे काय आहे?”

“ऐक तर.”

“बाबा, हे माझं नाही.”

“ऐक गं. मावशी ठणठणीत आहे. तळमजल्यावरच्या आजोबांना सांगायला कोण जाणार यावरून घरात भांडण. मावशी म्हणते, मी काही बोलत नाही, आणि—”

“आणि काम कोण करणार?” धाकट्यानं विचारलं. “बाईंचा उद्या शेवटचा दिवस आहे. हॉस्पिटलची खोली उभारून झालीय. प्रोमो बुधवारपासून चालू आहे.”

“दुसरी नटी आणू. लोकांना आठ दिवसांत सवय होते.”

“बदली मावशी?” थोरली म्हणाली. “अकरा वर्षं लोकांनी जो चेहरा पाहिला त्याच्या जागी परवापासून दुसराच? तुम्हीच मला शिकवलंत की प्रेक्षकाला मूर्ख समजलं की धंदा बुडाला म्हणून समज.”

“मी काय शिकवलं ते मला नको शिकवू.”

“मग तिला मारायचं कारण पटलं नाही असं सांगा ना सरळ. पानं कसली बदलता चोरासारखी?”

“तुझा हात तरी कसा धजला?” त्याचा आवाज चढला. “तुझ्या आत्यानं लहानाचं मोठं केलं तुला. वेण्या घातल्या. आणि तू बसलीस आणि अडीच पानांत तिला संपवून मोकळी झालीस!”

“मी मावशीला मारलंय, बाबा. आत्याला नाही.”

“एकच आहे ते!”

बायकोनं पेन्सिल खाली ठेवली. आपण काय बोललो ते त्याला कळलं, पण शब्द तोंडातून गेला होता. आणि तेवढ्यात दाराची बेल वाजली.

दारात अक्का उभी होती. हातात पिशवी, चेहऱ्यावर उन्हाची लाली.

“बसनं आले,” ती म्हणाली. “सकाळच्या बसला गर्दी नसते. वाचन झालं का?”

*

आत्या टेबलाशी येऊन बसली. अकरा वर्षांत पहिल्यांदाच. थोरलीनं पाहिलं, तिच्यासाठी खुर्चीच नव्हती. धाकट्यानं उठून आपली दिली आणि तो भिंतीला टेकून उभा राहिला.

“मैत्रीण कशी आहे?” आईनं विचारलं, आणि विचारताक्षणी तिचे कान लाल झाले.

“उत्तम. तिला कळेना आपण आजारी का आहोत.” आत्या पाणी प्यायली. “प्रोमो मी बुधवारीच पाहिला होता गं. खोलीत टीव्ही आहे माझ्या.”

“मग गेलात कशाला?”

“तू एवढं मनापासून खोटं बोललीस. म्हटलं, उगाच मोडता कशाला घाला.” मग ती भावाकडं वळली. “वाच. मावशी कशी मरते ते मला ऐकायचंय.”

“मरत नाही ती,” बाबा म्हणाले. “आताच बदललंय मी.”

“का?”

“का म्हणजे? तुझ्यासाठी!”

“मला विचारलंस?”

बाबांनी पानं उलटसुलट केली. थोरलीला ते एकदम म्हातारे दिसले, आणि त्याच वेळी रागही आला, कारण खरी पानं त्यांच्याच मांडीवर होती. तिनं हात पुढं करून ती घेतली.

“मी वाचते, आत्या.”

तिला वडिलांसारखे आवाज काढता येत नसत. तिनं सरळ वाचलं. हॉस्पिटलची खोली, सगळं घर पलंगाभोवती, प्रत्येकाला मावशीकडून शेवटचं काहीतरी ऐकायचंय आणि मावशी प्रत्येकाच्या चुका सांगतेय. चौथ्या ओळीला आत्या हसली. आईचा हात आपोआप पेन्सिलीकडं गेला आणि रेघ पडली. पुढच्या पानावर आत्या पुन्हा हसली, या वेळी तोंडावर हात ठेवून. बाबांची नजर बहिणीच्या चेहऱ्यावर खिळली होती. त्यांच्यातला जुना कारागीर बाहेर आला होता. ती ज्या शब्दाला हसली तो ते ओठांनी पुन्हा म्हणून पाहत होते.

थोरलीनं शेवटची ओळ वाचली आणि पानं पालथी घातली.

“छान मेली,” आत्या म्हणाली. “एकच चूक आहे. सगळे भोवती उभे असताना माणूस मरत नाही. आई गेली त्याआधीची नऊ वर्षं मी तिच्या उशाशी होते. दूध उतू जाईल म्हणून आत गेले, गॅस बंद केला, परत आले, तेवढ्यात गेली होती. तसं कर. एकेकाला काहीतरी काम निघू दे.”

थोरलीनं ते समासात लिहून घेतलं. अक्षर वाकडं आलं.

“अक्का, तू रागावली आहेस,” बाबा म्हणाले. “मला कळतंय. वरून शांत आहेस, पण—”

“बुधवारपासून मला इतकं बरं वाटतंय की मला माझीच लाज वाटते. मरू दे तिला. खरंच मरू दे.”

“तुला आवडायची ती.”

“आवडायची. सुरुवातीची दोन वर्षं दार लावून बघायचे मी. जे बोलायचं राहून गेलं ते सगळं ती बोलायची. आपल्या वडलांना, शेजाऱ्यांना, साहेबाला. मजा वाटायची.” आत्यानं टेबलावरचा ओघळ बोटानं पुसला. “मग बाहेर पडले की लोक वाट बघायला लागले, आता ही अर्धा तास बोलणार. परवा दातांच्या डॉक्टरकडं गेले होते ना? म्हटलं, डॉक्टर, खालची दाढ दुखतेय. तो हसायलाच लागला. म्हणे, मावशी, तुम्ही काही बोलत नाही ना, मग आ करा. वरची काढली.”

धाकट्याला हसू फुटलं. त्यानं ते खोकल्यात लपवलं. मग त्याला कळलं की वरची दाढ खरंच काढली होती, आणि त्याचा खोकला थांबला.

“मला सांगायचं होतं,” आत्या म्हणाली. “अर्धं मिनिट लागलं असतं. पण कुणी अर्धं मिनिट देत नाही मला. तुझी मावशी आधीच सगळं बोलून गेलेली असते.”

“पण तू बोलतेसच की,” बाबा म्हणाले. “लहानपणापासून. मी काही बोलत नाही म्हणायचीस आणि—”

“आणि काय बोलायची मी? सांग एक.”

बाबांनी तोंड उघडलं. थोरलीही मनात शोधू लागली. शाळेतून आल्यावर आत्या काय म्हणायची? भांडणात? आईशी खटके उडायचे तेव्हा? आत्याची लांबलचक बोलणी तिला किती तरी आठवत होती, पण एकेक आठवण जरा जवळ आणली की तिच्यात दिवे होते, कॅमेरा होता, आणि आवाज नटीचा होता. आत्याचा असा आठवला तो फक्त ‘हो’, ‘बरं’, ‘जेवलीस का’.



“मी काही बोलत नाही म्हटलं की मी खरंच बोलत नसे रे,” आत्या म्हणाली. “पुढचं तू घातलंस. पहिल्यांदा कधी म्हटलं होतं, आठवतं?”

बाबांनी मान हलवली. ती होकाराची की नकाराची ते कळलं नाही.

“आईचं अंग लुळं पडलं त्याच आठवड्यात दोन पत्रं आली. तुला टेलिव्हिजनवर विनोदी कार्यक्रम लिहायला बोलावणं, आणि मला ऑपरेटरांच्या शाळेत शिकवायला जायची ऑर्डर. वडलांनी स्वयंपाकघरात दोघांना उभं केलं. म्हणाले, एकानं थांबलं पाहिजे. तू म्हणालास, मला जायलाच हवं. मग त्यांनी माझ्याकडं बघितलं. मी म्हटलं, मी काही बोलत नाही. आणि तू हसलास.”

“अक्का...”

“मला वाटलं, सुटका झाली म्हणून हसतोय बिचारा. वीस वर्षांनी टीव्हीवर ऐकलं तेव्हा समजलं, तू ते जपून ठेवलं होतंस.”

बाबा उठले. खिडकीपर्यंत गेले, परत आले, खुर्चीच्या पाठीला धरून उभे राहिले. “मग अकरा वर्षांत एकदा तरी म्हणायचंस! मी बंद केलं असतं. आईशपथ बंद केलं असतं.”

“विचारलं असतंस तर म्हटलं असतं. आणि बंद केलं असतंस का, ते मनाला विचार.”

बाबा परत खुर्चीत बसले.

“आणखी एक,” आत्या म्हणाली. “मी मैत्रिणीकडं राहायला जातेय. शनिवारी.”

“जा ना,” आई घाईनं म्हणाली. “चार दिवस बदल होईल तुम्हाला.”

“राहायला म्हणजे राहायला गं. तिच्याकडं वरची खोली रिकामी आहे. काल रात्रीच्या जेवणाला आम्ही दोघी दोन तास बसलो होतो. ती माझं ऐकत होती. मध्येच उगाच एकदाही हसली नाही. हसण्यासारखं होतं तिथंच हसली.”

थोरलीला वाटलं होतं, आई मनातून सुखावेल. तीस वर्षं स्वयंपाकघरात दोन कारभारणी. ‘कधी एकदा हे घर माझं होतंय’ हे तिनंच लहानपणी आईच्या तोंडून ऐकलं होतं. पण आई ताडकन उठली.

“काही जायचं नाही. मी खोटं बोलले म्हणून हा दंड देताय मला? तुमच्याशी भांडायला मला तीस वर्षं लागली सवय व्हायला. आता मी कुणाशी भांडू, यांच्याशी? यांना भांडण सांगितलं की कागदावर लिहितात!”

“ताईशी भांड,” धाकटा पुटपुटला.

“तू गप्प. अहो, सांगा ना तुमच्या बहिणीला!”

बाबांनी थोरलीकडं पाहिलं. तू तरी सांग, असं ते पाहणं होतं. तासाभरापूर्वी ते तिच्यावर ओरडत होते, आणि आता तिनं त्यांची बाजू घ्यावी अशी त्यांची अपेक्षा होती. तिला ते जमलं नाही.

“जा आत्या,” ती म्हणाली. “मी येईन दर महिन्याला. आणि वही आणणार नाही.”

*

सोमवारी सेटवर अक्काचा भाऊ मॉनिटरसमोर बसला नाही. हॉस्पिटलच्या खोट्या भिंतीमागं, जिथं सुतारांच्या फळ्या रचलेल्या असतात, तिथं उभा राहिला. थोरली दिग्दर्शकाशेजारी होती. तिनं सकाळी प्रसंग बदलून आणला होता: एक जण डॉक्टरला शोधायला जातो, एकीला फोन येतो, एकाची गाडी चुकीच्या जागी लावलेली असते. खोली रिकामी होते. मावशी इकडं तिकडं बघते, उशी नीट करते आणि जाते. कुणाच्याही लक्षात येत नाही. सगळे परत येतात आणि पुन्हा तिच्याशीच बोलायला लागतात.

पहिल्याच टेकला जमलं. लाइटवाल्यांपैकी कुणीतरी नाक ओढलं. भिंतीमागं त्याला आधी वाटलं ते असं: ‘कट’ अजून दोन सेकंदांनी यायला हवा होता. मग तो फळ्यांवर बसला.

नटी मेकअपच्या खोलीत मोजे काढत होत्या.

“सर, एक विचारू? अकरा वर्षं मी तुमच्या बहिणीचं काम केलं. दर वर्षी म्हणायचे, एकदा भेटवा. तुम्ही टाळलंत. मला वाटायचं, त्यांना माझं काम पसंत नाही.”

“तसं नाही.”

“मग?”

तो दार धरून उभा राहिला. खोटं सांगणं सोपं होतं. त्याच्याकडं तीन-चार तयार होती.

“तुम्ही भेटला असतात तर तुम्हाला कळलं असतं की ती अशी नाहीच,” तो म्हणाला. “आणि मग तुम्हाला ते करता आलं नसतं. की मला लिहिता आलं नसतं, कुणास ठाऊक.”

नटींनी मोज्याची घडी घातली. “कशा आहेत मग?”

“शोधतोय,” तो म्हणाला.

संध्याकाळी श्रेयनामावलीचा कागद सहीला आला. लेखक म्हणून दोन नावं असायची, त्याचं वर आणि थोरलीचं खाली. त्यानं आपलं नाव खोडलं. थोरलीनं ते पाहिलं, कागद हातात घेतला, आणि तो नाव खोडलेलंच ठेवतो की परत लिहितो याची वाट बघत थांबली. तो पार्किंगकडं निघून गेला. त्या आठवड्यात टीआरपी चढला, वाहिनीकडून फुलांचा गुच्छ आला. पुढं तो उतरत गेला आणि पाच महिन्यांनी मालिका बंद झाली. तोवर घरातला रविवारही बदलला होता, कारण अर्ध्या उघड्या दाराआड ऐकणारं कुणी नव्हतं.

*

ठरल्याप्रमाणे शनिवारी अक्काला बसस्टँडवर सोडायला तो एकटाच गेला. गाडीनं थेट पोचवतो म्हणाला, तर ती नको म्हणाली. बायकोनं निरोप देताना अक्काच्या हातात चार डबे दिले, दोन परत घेतले, पुन्हा दिले, आणि आत जाऊन दार लावून घेतलं होतं.

वाटेत त्यानं बोलायचा प्रयत्न केला. “त्या वेळी मी हसलो ते...”

“राहू दे.”

“नाही, ऐक. मला भीती वाटली होती. तू ‘मला जायचंय’ म्हणालीस तर काय करायचं याची. म्हणाली नाहीस, म्हणून हसलो.”

अक्का बाहेर बघत होती. “ते मला तेव्हाच कळलं होतं रे. मला एवढंच वाटायचं, तू कधीतरी सांगशील.”

बस लागलेली होती. त्यानं ट्रंक वर चढवली, पिशव्या तिच्या पायाशी ठेवल्या. शेजारच्या सीटवरच्या बाईनं त्याला ओळखलं; तिनं त्याच्याकडं बघितलं, मग अक्काकडं, आणि तिचे डोळे मोठे झाले.

“अय्या! तुम्ही त्या मावशीचे... आणि या त्याच का?”

त्यानं एका बोटानं चष्मा वर ढकलला.

“हा माझा धाकटा भाऊ,” अक्का म्हणाली. “आणि मी याची बहीण. ऐका, सांगते.”

कंडक्टरनं घंटी दिली. तो खाली उतरला आणि खिडकीपाशी आला. काच बंद होती, ती उघडायला अक्काला जमत नव्हतं, की तिला उघडायचीच नव्हती. आत तिचं बोलणं सुरू झालं होतं. बस मागं घेताना त्याला दिसलं: अक्कानं नसलेला चष्मा एका बोटानं वर ढकलला, मान तिरकी केली, खुर्ची उचलून खिडकीशी नेल्यासारखे हात केले आणि परत आणल्यासारखे केले. शेजारची बाई आधी गोंधळली. मग ती हसायला लागली. पुढच्या सीटवरचे दोघं वळून बघू लागले, आणि तेही हसले.

चष्मा त्यानं स्वतःच्या नाकावर चाचपला.

बस फाटकाबाहेर वळली. तो तिच्यामागं चार पावलं चालत गेला, मग पळाला, मग साठीचा माणूस बसमागं पळताना बरा दिसत नाही हे लक्षात येऊन थांबला. धूर नाकात गेला. अक्का आत काय सांगत होती, लोक नेमकं कशाला हसले, हे त्याला काही केल्या ऐकू आलं नव्हतं, आणि ते कळल्याशिवाय आज आपल्याला चैन पडणार नाही हे मात्र त्याला तिथंच, भर उन्हात, स्वच्छ कळलं.